मंगळवारचा उजेड

रविवार, ८ ऑक्टोबर १९५०. जेरुसलेम

ही वही शस्त्रसंधीच्या ऑफिसातली आहे. इंग्रज जाताना कपाटात सोडून गेले, पोलिसांच्या नोंदीची, निम्मी कोरी. आमच्या टायपिस्ट लोटेबाई म्हणाल्या, "घ्या निस्सिमकाका, टाकून देण्यापेक्षा बरी." मी शाळा चार इयत्ता शिकलो, उरलेली विद्या जाफा दरवाजाच्या आत खोगिरे शिवता शिवता गिऱ्हाइकांकडून उचलली. तुर्की शिपायांकडून तुर्की, खेडुतांकडून अरबी, पोथीतले हिब्रू वडिलांकडून. आता अडुसष्टाव्या वर्षी सरकारने मला दुभाष्या केले आहे. अठ्ठेचाळीसच्या लढाईत शहर दुभंगले आणि दुकान सीमेच्या पलीकडे, अरबांच्या बाजूला राहिले. घरही. जीभ तेवढी अलीकडे आली.

आजपासून लिहायचे कारण असे, की पुढचे काम जोखमीचे आहे. ऐन तूत हे गाव पलीकडे आहे, आणि त्यांची जैतुनाची झाडे दोन रेषांच्या मधल्या पट्ट्यात अडकली आहेत. गेल्या हंगामात फळ काढायला आलेल्या तिघांना आमच्या गस्तीने गोळ्या घातल्या. अंधारात पट्ट्यात जो दिसेल तो घुसखोर, असा हुकूम आहे. यंदा झाडे लगडली आहेत, लोक येणारच. म्हणून आमच्या ऑफिसाच्या मेजर टाउबरसाहेबांना वाटते की दोन दिवसांची तोडणी लेखी ठरवून टाकावी. बदल्यात पलीकडच्यांनी आमची फुटलेली पाण्याची नळी दुरुस्त करू द्यायची. कागद नीट झाला तर माणसे घरी जातील. नाही झाला तर पुन्हा चादरीतून न्यावी लागतील.

मंगळवार, १० ऑक्टोबर

पहिली बैठक. सीमेवरच्या फाटकाजवळचा तो पडका बंगला. लांब टेबल, इकडे आम्ही, तिकडे ते, मध्ये संयुक्त राष्ट्रांचा बेल्जियन कर्नल. हस्तांदोलन करायचे नाही असा दोन्ही बाजूंचा नियम आहे. कर्नल दोघांशीही हात मिळवतो, म्हणजे तसा आमचा हात त्याच्यामार्फत पोचतोच.

त्यांचा दुभाष्या आत आला आणि माझ्या हातातली पेन्सिल खाली पडली. जिर्यिस! कतामोन पेठेतला, सगळे ज्याला अबू नकूला म्हणतात तो; त्याचे घर आता आमच्या बाजूला राहिले आहे. त्याच्या बापाच्या पांढऱ्या घोडीचे खोगीर मी शिवले होते, १९२२ साली. तोही थबकला. मग अगदी सरकारी आवाजात अरबीत म्हणाला, "दुसऱ्या बाजूच्या दुभाष्याचं पोट वाढलेलं दिसतं."

मी त्याच आवाजात म्हणालो, "दुसऱ्या बाजूच्या दुभाष्याचे केस कुठं गेले?"

मेजरसाहेबांनी विचारले, "काय म्हणतोय तो?"

"प्रकृतीची चौकशी करतोय साहेब."

सकाळभर एकाच गोष्टीवर घासाघीस झाली. आमच्या देशाचे नाव कागदावर घालायला ते तयार नाहीत. 'दुसरी बाजू' म्हणतात. मेजरसाहेब लाल झाले. अडीच वर्षांचे लेकरू, बारसे झाले, पेढे वाटून झाले, तरी शेजारी नाव घेत नाहीत म्हटल्यावर बापाला राग येणारच. शेवटी ठरले की अरबी प्रतीत 'पश्चिमेची बाजू' आणि हिब्रू प्रतीत देशाचे नाव. दोन्ही प्रती तितक्याच खऱ्या.

मधल्या सुटीत अबू नकूलाने थर्मास उघडला. वेलदोड्याची खरी कॉफी! आमच्याकडे रेशनवर मिळते ती भाजलेल्या चण्यांची. पहिल्या घोटाला डोळ्यांत पाणी आले, वाफेने.

"अबू यूसुफ," त्याने थोरल्या मुलाच्या नावाने मला जुनी हाक मारली आणि हळूच म्हणाला, "माझं घर अजून उभं आहे का रे?"

"उभं आहे."

"आणि अंगणातलं लिंबाचं झाड?"

"बघून सांगतो."

मग मीही मनातले बोलून टाकले. "आईची तिथी आहे या महिन्यात. जैतुनाच्या डोंगरावर आहे ती, तुमच्याकडे. तीन वर्षं झाली, दिवा नाही की थडग्यावर खडा नाही. तहात लिहिलंय आम्हाला जाऊ देतील म्हणून, पण कोण जाऊ देतंय!"

"नाव काय आईचं?"

"सुलताना."

"झालं! तिथं अर्ध्या बायका सुलताना आणि उरलेल्या रेयना. सगळ्या राण्याच झोपल्यात. ओळ कुठली ते सांग."

मी टेबलावर साखर सांडून ओळ काढून दाखवली. कर्नल येताना दिसला तशी अबू नकूलाने ती फुंकून टाकली.

शुक्रवार, १३ ऑक्टोबर

सकाळी कतामोनला जाऊन आलो. घरात रुमानियाहून आलेली दोन कुटुंबे राहतात. भली माणसे. बाईने बसायला खोके दिले. झाडाचे विचारले तर तिचा चेहरा उतरला. फेब्रुवारीत तो मोठा बर्फ पडला तेव्हा तोडले म्हणाली. "मूल आजारी होतं काका, घरात जळण नव्हतं. कुणाचं होतं का ते?"

"नाही," मी म्हणालो, "कुणाचं नाही."

बुंधा कमरेएवढाही नाही उरला. लुसलुशीत एक कोंब फुटला आहे खालून, पण तो कशाचा आहे कोण जाणे.

घरी येऊन बायकोला, रेयनाला, सांगितले. ती कणीक मळत होती, हात न थांबवता म्हणाली, "मग त्याला खरं सांगणार?"

"बघू."

"म्हणजे नाही सांगणार. पंचेचाळीस वर्षं ओळखते तुला."

बुधवार, १८ ऑक्टोबर

बाजारातून तीन लिंबे घेतली. चांगली, पानासकट. बैठकीच्या सुटीत अबू नकूलाच्या टोपीत टाकली. "तुझ्या झाडाची," म्हणालो.

त्याने एक नाकाशी धरले, बराच वेळ. नखाने साल किंचित खरवडली, पुन्हा वास घेतला. मग तिन्ही खिशात घातली. "देव तुझं भलं करो, अबू यूसुफ. झाड चांगलं आहे म्हणायचं."

"लगडलंय नुसतं."

खोटे बोललो त्याचे काही वाटले नाही. फाटक्या खोगिराला आतून ठिगळ लावतात, घोड्याला ते टोचत नाही आणि स्वाराला दिसत नाही.

कामही पुढे सरकले. नळीसाठी आमचे चार मजूर जातील, हत्याराविना. जैतुनासाठी त्यांची चाळीस माणसे येतील, बायका धरून, हत्याराविना. दिवस ठरले, महिनाअखेरचा मंगळवार आणि त्याला लागून बुधवार.

गुरुवार, २६ ऑक्टोबर

कर्नल आला नाही. अंजिरे जास्त खाल्ली, पोट बिघडले. एरवी इंग्रजी प्रत तो करतो आणि दोन्ही बाजू त्यावर सही करतात. आता कुणी थांबायला तयार नाही, कारण फळ गळायला लागले आहे. ठरले की इंग्रजी प्रत मागाहून होईल, तूर्त अरबी आणि हिब्रू पुरे. म्हणजे सगळे ओझे आम्हा दोन म्हाताऱ्यांवर.

एका टेबलावर शेजारी शेजारी बसून लिहिले. तो अरबी, मी हिब्रू, ओळीला ओळ. कुठे अडलो नाही. त्याने लिहिले 'मंगळवारच्या रात्रीपासून'. अरबीत मंगळवारची रात्र म्हणजे मंगळवारच्या आधीची, हे शेंबडे पोरही जाणते. मी आमच्या पोथीच्या वळणाने लिहिले 'मंगळवारच्या उजेडापासून'. वडील शिकवायचे, शास्त्रीबुवांनी आदल्या संध्याकाळला उजेड म्हटलेय, कारण अंधाराचे नाव घेऊन दिवसाची सुरुवात करू नये. दिवस सूर्य बुडाल्यावर चालू होतो, त्यांचाही आणि आमचाही. भांडण कितीही असो, चंद्र दोघांचा एकच.

अबू नकूला हिब्रू वाचतो थोडे. बोट ठेवून हसला. "उजेड! तुम्ही लोक रात्रीलासुद्धा साखर लावता."

"आणि तुमचे लोक कधी येणार?"

"बायका सूर्य बुडताना येऊन झाडाखाली चादरी पसरतील. फळाला राखण बसवायची आणि पहाटे झोडपायचं, तुला माहीतच आहे."

माहीत आहे. लहानपणी आम्हीही जायचो. छान कागद झाला. हस्ताक्षरही सुरेख आले आहे, असे माझे मलाच वाटते.

शुक्रवार, २७ ऑक्टोबर

लोटेबाईंनी कागद टाइप केला. बाई ब्रेस्लाऊच्या, नवरा तिथेच गेला, हिब्रू इथे येऊन चाळिशीत शिकल्या. एकही अक्षर चुकत नाहीत. मध्येच थांबून म्हणाल्या, "'मंगळवारच्या उजेडापासून'. किती सुंदर लिहिता हो काका! आम्ही आपले वर्तमानपत्रातलं हिब्रू बोलतो. पण घड्याळात किती वाजता, ते घालू का कंसात?"

कौतुकाने मला जरा चढले होते. म्हणालो, "लोटेबाई, सूर्याच्या मनगटावर घड्याळ बांधू नका. तो आपल्या वेळेवर येतो-जातो. अठराशे वर्षं हे शब्द चाललेत."

त्या हसल्या आणि तसेच टाइप केले.

मेजरसाहेबांनी सही करताना दोनदा वाचले. तेही जर्मनीचेच, प्रत्येक गोष्ट दोनदा वाचतात, जेवणाची चिठ्ठीसुद्धा. "उजेडापासून. उत्तम! उजेडात माझ्या पोरांना निदान माणूस कुठला नि गाढव कुठलं ते कळेल."

साहेबांना विनोद जमत नाही, तरी बिचारे करतात. मी हसलो.

रविवार, २९ ऑक्टोबर

दोन्ही बाजूंच्या सह्या झाल्या. फाटकापाशी अबू नकूलाने बोटांनी खूण केली, दिव्याच्या ज्योतीची. आईची तिथी त्याच्या लक्षात आहे. मंगळवार, म्हणून सांगितले होते त्याला. बस, एवढेच.

मंगळवार, ३१ ऑक्टोबर

काल लिहिता आले नाही. आज क्रमाने लिहितो, कारण गुरुवारी चौकशी आहे आणि म्हाताऱ्याची आठवण म्हणजे भोकाची पिशवी.

काल सोमवार. दुपारी तीनला रेयनाने बाटली हातात दिली. "तेल आण. सूर्य बुडायच्या आत आईचा दिवा लागला पाहिजे. आणि रस्त्यात गप्पा मारत बसू नकोस."

बाजारात अंड्यांच्या रांगेत लोटेबाई उभ्या होत्या. मी विचारले, सुट्टी का आज? म्हणाल्या, "सुट्टी कसली! मेजरसाहेब तेल अवीवला गेलेत, रात्री परत येतील. मला उद्या पहाटे चारला ऑफिसात बोलावलंय. तुमचा तो उजेड पडायच्या आत टेलिफोनवर बसायचं. उजेड पडला की चौकीला कळवायचं, आता गोळी नाही म्हणून."

मी म्हणालो, "पहाटे चारला कशाला?"

"मग? मंगळवारचा उजेड पाचला पडतो ना."

हातात तेलाची बाटली होती. आईच्या मंगळवारच्या तिथीसाठी सोमवारी संध्याकाळी लावायच्या दिव्याचे तेल. मी बाटलीकडे बघितले, बाईंकडे बघितले. 

"लोटेबाई, मंगळवारचा उजेड आज आहे."

"काय?"

"आज! आता! सूर्य बुडाला की. बायका चादरी घेऊन निघाल्यासुद्धा असतील."

बाई अंडी सोडून निघाल्या. दोन तास उभ्या होत्या, पुढे फक्त तिघे होते.  

ऑफिसातून चौकीला फोन लावला. गस्त साडेतीनलाच बाहेर पडली होती. खडकांमागे दबा धरून बसते, जवळ वायरलेस नाही, पहाटेशिवाय परत यायची नाही. चौकीवरचा माणूस म्हणाला, "माझ्याकडे लेखी हुकूम आहे, उजेडापासून. अंधारात मी माझी माणसं बोलावायला पाठवू, तीही मरायला?" लोटेबाई तेल अवीवला ट्रंक कॉल लावत बसल्या. चौकीवर रोज संध्याकाळी पाव घेऊन जाणारी गाडी दाराशी उभी होती, मी तिच्यात चढलो. मांडीवर पावाची टोपली, हातात तेलाची बाटली. ती ठेवायचे सुचलेच नाही.

चौकीवर पोचलो तेव्हा सूर्य डोंगरावर टेकला होता. मी कंदील मागितला. तो माणूस म्हणाला, "आजोबा, कंदील घेऊन जाल तर आधी तुम्हालाच टिपतील."

"चोर कधी कंदील घेऊन येतो का रे?"

त्याने दिला. वर म्हणाला, "परवलीचा शब्द मात्र मी सांगू शकत नाही, तुम्ही लष्करात नाही." नियम म्हणजे नियम.

पट्टा चालायला लागलो. काटेरी तारेच्या पुढे बांध, बांधापुढे झाडे. झाडाखाली पांढरे काहीतरी हलत होते. चादरी. बायका वाकून कोपऱ्यांवर दगड ठेवत होत्या, जशी माझी आई ठेवायची. एक जण गाणे गुणगुणत होती. त्यांच्याकडे सहीचा कागद होता, मग भीती कसली?

"थांब!" खडकामागून आवाज आला, हिब्रूत. "परवल?"

"मला माहीत नाही. मी निस्सिम अल्शेख, ऑफिसातला दुभाष्या. गोळी घालू नका, या लोकांना परवानगी आहे!"

"परवानगी उजेडापासून आहे. आता कुठला उजेड? खाली बस, म्हाताऱ्या, आणि कंदील विझव."

बोलणे येमेनचे होते, घशातून येणारे, आमच्या वडिलांच्या हिब्रूसारखे. मी बसलो नाही. म्हणालो, "लेकरा, नाव काय तुझं?"

"सार्जंट येफेत. खाली बस म्हटलं ना!"

"येफेत, पोथी शिकलास ना तिकडे येमेनात? पेसाहच्या सणाआधी घरातला खमिराचा कण न कण शोधतात, दिवा घेऊन. चौदाव्या दिवसाच्या कुठल्या वेळी शोधतात?"

खडकामागे कुणीतरी हसले. येफेत हसला नाही. पाठ म्हटल्यासारखा म्हणाला, "चौदाव्याच्या उजेडाला."

"म्हणजे कधी?"

"तेराव्याच्या संध्याकाळी..." आणि पुढे त्याने आपल्या भाषेत एक शब्द उच्चारला, तो लिहीत नाही. "हे मेजरसाहेबांना कुणी सांगितलं नाही?"

"सांगायला हवं असं कुणाला वाटलंच नाही. मलाच नाही."

तो उभा राहिला आणि दोन्ही बाजूंना ओरडला, "कुणी गोळी झाडू नका! शस्त्रं खाली!" डावीकडचे दोघे ऐकून उठले. उजवीकडे दूर एक नवा शिपाई होता, हंगेरीहून आठ महिन्यांपूर्वी आलेला, हिब्रू कच्चे. त्याने ओरडणे ऐकले आणि त्यातला 'गोळी' एवढाच शब्द ओळखला.

एकच गोळी. गाणे थांबले.

अंधार होईपर्यंत मी गोळी लागलेल्या बाईचा हात धरून बसलो. उम्म सालेह नाव, माझ्याच वयाची. कोपराखाली लागली होती. येफेतने स्वतःची पट्टी बांधली. ती म्हणत होती, "मंगळवारची रात्र म्हणाला होतात ना? कागद आहे आमच्याकडे." मी म्हणालो, हो आई, मंगळवारचीच रात्र आहे. तिच्या मुलांनी चादरीतूनच नेले तिला. पण जिवंत.

परत आलो तेव्हा रेयनाने दिवा लावला होता, शेजारणीकडून तेल उसने आणून. माझ्या हातातली भरलेली बाटली घेतली आणि उसने तेल फेडायला शेजारणीकडे गेली. 

आज उजाडता उजाडता ऐन तूतची माणसे पुन्हा आली म्हणे. सगळी चाळीस. एक कमी, एकोणचाळीस. फळ गळत होते.

गुरुवार, २ नोव्हेंबर

चौकशी. मेजरसाहेब सोमवारी रात्री परतल्यापासून झोपलेले दिसत नव्हते. रागावले नाहीत, त्यामुळे जास्त अवघड गेले.

"निस्सिम," ते म्हणाले, "तुम्ही 'सोमवार, संध्याकाळी पाच' असं लिहिलं असतं तर?"

"तर काही झालं नसतं साहेब."

"लोटेबाईंनी विचारलं होतं म्हणतात."

"विचारलं होतं. मी शहाणपणा केला."

अहवाल तयार होता. त्यात लिहिले आहे: 'दोन प्रतींत अर्थभेद राहिल्याने'. मी म्हणालो, "साहेब, एवढं सोडून सगळं लिहा. दोन प्रतींत भेद नव्हता. माझी नि पलीकडच्याची प्रत शब्दाला शब्द एक होती. भेद आपल्याच प्रतीत होता, लिहिणाऱ्यात आणि वाचणाऱ्यात."

साहेबांनी अहवाल पुन्हा एकदा वाचला. "हे मी कर्नलला इंग्रजीत कसं समजावू?"

मी पेन उचलले. सही केली. यापुढे सगळ्या कागदांवर तारीख आणि तास आकड्यांतच येईल असे ठरले. चांगलेच आहे. आकड्याला पोथी नसते. येत्या आठवड्यापासून विद्यापीठात अरबी शिकलेला एक जण येतोय, हुशार आहे म्हणतात. मला रविवारी शेवटची बैठक. साहेबांनी उठून हात मिळवला. "तुम्ही त्या पट्ट्यात चालत गेलात, ते मी अहवालात घातलंय," म्हणाले. लोटेबाईंना मी घरातली चार अंडी नेऊन दिली. त्या घेत नव्हत्या, टाइपरायटरवर ठेवून आलो.

रविवार, ५ नोव्हेंबर

शेवटची बैठक. पलीकडच्यांनी कडक निषेध वाचला, आम्ही कडक खेद वाचला. निषेध अबू नकूलाने वाचला आणि तो हिब्रूत मी सांगितला. आमचा खेद मी अरबीत सांगितला. आवाज दोघांचाही सरकारी होता.

सुटीत थर्मास उघडला. मी पहिले विचारले, उम्म सालेह कशी आहे?

"हात वाचला. दोन बोटं हलत नाहीत. म्हणते, जैतून वेचायला तीन पुरतात."

कॉफी निववत बसलो. मी त्याला ब्रेस्लाऊच्या लोटेबाईंचा कंस सांगितला, आणि आज माझा शेवटचा दिवस आहे हेही. तो म्हणाला, ऐकलंय. मग खिशातून हातरुमालाची पुरचुंडी काढून टेबलावर ठेवली. आत एक खडा होता.

"तुझ्या आईकडचा. सोमवारी संध्याकाळी गेलो होतो. दिवा लावला. बराच वेळ तेवला, वारा नव्हता."

मी खडा मुठीत घेतला. मग लक्षात आले. "मी तर तुला मंगळवार सांगितला होता."

"मंगळवारच सांगितलास." तो माझ्याकडे बघून म्हणाला, "मग मी सोमवारीच जाणार ना! मी काय ब्रेस्लाऊचा आहे?"

दोघेही हसलो. कर्नलने वळून पाहिले. त्याचे पोट आता बरे आहे.

मला राहवेना. म्हणालो, "अबू नकूला, त्या लिंबांचं..."

"छान होती. बायकोने सरबत केलं. आंबटढाण, डोळे मिटले माझे." त्याने थर्मासचे झाकण घट्ट केले, पुन्हा उघडले, पुन्हा घट्ट केले. "माझ्या बापाने ते झाड जाफाहून आणलं होतं, गोड लिंबाचं. तीस वर्षांत एकदाही आंबट लागलं नाही." आणि माझ्या गुडघ्यावर थोपटून म्हणाला, "झाडं बदलतात म्हणा. हवा बदलली ना."

"बुंध्याला कोंब फुटलाय," मी म्हणालो. "हे खरं आहे."

"पुरे आहे."

घंटा झाली. तो त्याच्या बाजूला गेला, मी माझ्या. हात मिळवायचा नसतो, कर्नल मध्ये होता, त्याच्याशीच मिळवला. दोघांनीही, एकापाठोपाठ एक.

घरी येऊन खडा आईच्या दिव्याशेजारी ठेवला. रेयनाने उचलून खिडकीपाशी नेला. एका बाजूला काळे काहीतरी चिकटले होते. नखाने खरवडून वास घेतला. "निस्सिम, हे डांबर आहे. हा फाटकासमोरच्या रस्त्याचा खडा आहे. जैतुनाच्या डोंगरावर डांबर कुठलं आलंय?"

"दे इकडे."

"बघ ना नीट, चष्मा लाव."

मी खडा तिच्याकडून घेतला, पुन्हा दिव्याशेजारी ठेवला, आणि डोळ्यांवर होता तो चष्मा काढून खिशात घातला.